भिंतीतील जिप्सम शेताच्या वाटेवर

ज्येष्ठाच्या आरंभी सातारा जिल्ह्यातील एका भुईमूग उत्पादकाचा दूरध्वनी आला. पुण्यातील एका कार्यालयाचे नूतनीकरण चालू होते. तेथील जुनी छते आणि आडभिंती उतरवल्या जात होत्या. कंत्राटदाराला राडारोडा टाकायला जागा हवी होती आणि या शेतकऱ्याच्या बांधालगत ती होती. "मॅडम, दोन ट्रक जिप्सम फुकट पडलंय. दुकानातल्या पोत्यातलं जिप्सम आणि हे एकच ना? भुईमुगाला टाकू का?"

प्रश्न साधा होता, पण त्याचे उत्तर एका शब्दात देता येईना. शिवाय तो माझ्या शाखेचाही नव्हता. मी कीटकांची अभ्यासक. परंतु दुसऱ्या आठवड्यात मी त्या शेतावर गेले, तेव्हा माझे अभ्यासविषय माझ्या आधीच तेथे पोहोचलेले दिसले. वळवाच्या दोन सरींनी भिजलेल्या त्या ढिगाच्या तळाशी वाळवीने मातीच्या नळ्या बांधल्या होत्या. एक फळी उचलून पाहिली, तर दोन्ही बाजूंचा कागद जागोजागी खाऊन फस्त झाला होता आणि मधला पांढरा गाभा तसाच उरला होता. ओलसर फळ्यांवर काळसर बुरशी आली होती आणि त्या बुरशीवर डोळ्यांना जेमतेम दिसणारे पुस्तककिडे फिरत होते. ढिगात फळ्यांखेरीज तारांचे तुकडे, स्क्रू, रंगाचे पोपडे, काचतंतूंचे पुंजके आणि सिमेंटच्या पत्र्याचे दोन तुकडे होते.

शेतकऱ्याचे म्हणणे रसायनशास्त्राच्या दृष्टीने अगदी बरोबर होते. भिंतीतील जिप्सम आणि पोत्यातील जिप्सम एकच. तरीही तो ढीग शेतात पसरण्याजोगा नव्हता. या दोन विधानांमधील अंतर भरून काढणे हाच प्लास्टरबोर्डच्या पुनर्वापराचा उद्योग होय. तो कसा चालतो, त्यातून शेतीला काय मिळते आणि कोठे जिवावर बेतू शकते, हे आपल्या विस्तार कार्यकर्त्यांनी आताच समजून घेणे अगत्याचे आहे. कारण असे ट्रक यापुढे अधिक संख्येने गावांकडे वळणार आहेत.

एकच खनिज, दोन संसार

जिप्सम म्हणजे पाण्याचे दोन रेणू बाळगणारे कॅल्शियम सल्फेट. शुद्ध जिप्सममध्ये सुमारे २३ टक्के कॅल्शियम आणि १८.६ टक्के गंधक असते; वजनाचा सुमारे पाचवा भाग हे स्फटिकात बांधलेले पाणी असते. ते साधारण १५० अंश सेल्सिअसच्या आसपास तापवले की त्यातील तीन चतुर्थांश पाणी निघून जाते आणि उरते ते प्लास्टर ऑफ पॅरिस, म्हणजेच आपल्या परिचयाचे पीओपी. त्यात पुन्हा पाणी घातले की ते घट्ट होऊन मूळ जिप्सम बनते. या उलटसुलट प्रवासात खनिजाचे काहीही हरवत नाही. त्यामुळे जिप्समचा पुनर्वापर तत्त्वतः कितीही वेळा करता येतो.

अमेरिकेत १८९४ मध्ये ऑगस्टिन सॅकेट यांना कागद आणि प्लास्टरचे थर एकमेकांवर चिकटवून केलेल्या फळीचे पेटंट मिळाले. आजचा प्लास्टरबोर्ड हा त्याच कल्पनेचा वंशज. दोन जाड कागदांमध्ये जिप्समचा गाभा, एवढीच त्याची रचना. साडेबारा मिलिमीटर जाडीच्या साध्या फळीचे वजन दर चौरस मीटरला साधारण ८ किलो भरते. ती हलकी असते, झटपट बसते आणि आगीत स्फटिकातील पाणी सोडून काही काळ उष्णता अडवते. त्यामुळे कार्यालये, रुग्णालये, मॉल आणि हॉटेले यांच्या छतांत व आडभिंतींत तिने आपल्याकडेही जागा मिळवली आहे.

या फळीच्या कचऱ्याचे दोन प्रकार असतात आणि शेतीच्या दृष्टीने त्यांतील भेद फार महत्त्वाचा आहे. नवे बांधकाम करताना कापून उरलेले कोरे तुकडे हा पहिला प्रकार. त्यांवर रंग नसतो, लांबी नसते, खिळे नसतात. दुसरा प्रकार पाडकामाचा. त्यात फळीबरोबर तिच्या आयुष्यभराचा इतिहास येतो: रंगाचे थर, सांध्यांचे भरण, टाइल्सचा गोंद, तारा, धातूच्या पट्ट्या. साताऱ्यातील तो ढीग या दुसऱ्या प्रकारचा होता.

गाडले की काय होते

जिप्सम निरुपद्रवी आहे, मग ते कचरा डेपोत गाडले तर बिघडले कोठे, असा प्रश्न कोणालाही पडेल. बिघडते ते संगतीने. जिप्सम पाण्यात थोडेसे विरघळते. एका लिटरमध्ये साधारण अडीच ग्रॅम. पावसाच्या पाण्याने ते विरघळले, शेजारी कुजणारा सेंद्रिय कचरा असला आणि हवा पोहोचत नसली, की सल्फेटवर श्वसन करणारे जिवाणू कामाला लागतात. आपण प्राणवायू घेतो, तसे ते सल्फेट घेतात आणि हायड्रोजन सल्फाइड सोडतात. सडक्या अंड्याच्या वासाचा हाच तो वायू. फळीवरचा कागद आणि त्यातील स्टार्च हे त्या जिवाणूंचे आयते खाद्य ठरते.

हा वायू हवेपेक्षा जड असल्याने खोलगट जागी साचतो. अत्यल्प प्रमाणातही त्याचा वास येतो. परंतु हवेच्या दहा लाख भागांत तो १०० भागांच्या आसपास पोहोचला की नाकाची घ्राणशक्तीच बधिर होते. वास नाहीसा झाला म्हणून माणूस निर्धास्त होतो, आणि प्रत्यक्षात धोका तेव्हा सर्वाधिक असतो. ५०० ते ७०० भागांच्या पुढे माणूस काही मिनिटांत बेशुद्ध होऊ शकतो.

या कारणामुळेच अनेक देशांनी जिप्समचा कचरा वेगळा केला. कुजणारा कचरा जेथे स्वीकारला जातो, त्या भरावक्षेत्रात जिप्समयुक्त पदार्थ टाकू नयेत, असा निर्णय युरोपीय संघाने डिसेंबर २००२ मध्ये घेतला. पावसाळी हवेच्या व्हँकुव्हर या कॅनडातील महानगर परिसराने तर १९८० च्या दशकाच्या मध्यासच प्लास्टरबोर्ड गाडण्यावर बंदी घातली होती. गाडायचे नाही तर ठेवायचे कोठे, या पेचातूनच या उद्योगाचा जन्म झाला.

फळीतून पुन्हा फळी

व्हँकुव्हरजवळ १९८५ मध्ये सुरू झालेली न्यू वेस्ट जिप्सम रिसायकलिंग ही या क्षेत्रातील आद्य कंपन्यांपैकी एक. तिच्या धंद्याचे सूत्र सोपे आहे. कचरा आणणाऱ्याकडून तो घेण्याचे शुल्क घ्यायचे, त्यातील जिप्सम वेगळे करायचे आणि ते फळ्यांच्या कारखान्याला कच्चा माल म्हणून द्यायचे.

प्रक्रियाही आपल्या शेतकऱ्याला सहज उमगेल अशीच. मळणी आणि उफणणीची आठवण करून देणारी. प्रथम माणसांच्या हाताने व यंत्राच्या पंजाने लाकूड, प्लास्टिक, धातूच्या पट्ट्या काढल्या जातात. मग फळ्या भरडल्या जातात. चुंबक स्क्रू आणि खिळे ओढून घेतो. पुढे फिरत्या व हलत्या चाळण्यांवर जिप्समची पूड खाली पडते आणि कागद वर राहतो. कागद लवचीक असल्याने त्याचे मोठे पापुद्रे होतात, जिप्सम ठिसूळ असल्याने त्याचा भुगा होतो; सारी विभागणी या एका गुणावर उभी आहे. या कामी भट्टी लागत नाही. फळी पुन्हा करायची असेल तर मात्र ती पूड कारखान्यात तापवावी लागते.

या धंद्याचा कस यंत्रांपेक्षा दारावरच लागतो. उत्तर अमेरिकेत १९७० च्या दशकापर्यंत फळ्यांचे सांधे भरण्याच्या लांबीत ॲस्बेस्टॉस वापरले जात असे. त्या काळातील घराची एक भिंत नजरचुकीने चक्कीत गेली, तर सारी पूड आणि ती हाताळणारे कामगार दोन्ही धोक्यात येतात. म्हणून जुन्या इमारतींतून आलेला माल तपासणीच्या कागदाशिवाय आत घेतला जात नाही. ब्रिटनने पुनर्प्राप्त जिप्समसाठी 'पास १०९' हा विनिर्देश केला. त्यात कणांचा आकार, शुद्धता, कागदाचे उरलेले प्रमाण आणि जड धातू यांचा विचार आहे. या कसोटीला उतरलेली पूड तेथे कचरा राहत नाही, ती वस्तू ठरते आणि तिच्या मान्य उपयोगांत शेतजमिनीची सुधारणा हाही एक आहे.

फळीतून शेत, आणि गोठाही

आपल्या दृष्टीने अधिक जवळचे उदाहरण अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्याचे. तेथील लँकेस्टर परगणा दूधदुभत्यासाठी प्रसिद्ध. त्या भागातील डेन्व्हर या छोट्या गावात यूएसए जिप्सम ही कंपनी १९९८ पासून बांधकामातील प्लास्टरबोर्डचे तुकडे घेऊन त्यांपासून शेतीचे जिप्सम तयार करते. फळ्यांचा कारखाना लांब असेल, पण भोवताली शेते आणि गोठे असतील, तर तेच गिऱ्हाईक. जिप्सम स्वस्त आणि जड. त्याच्या किमतीत वाहतुकीचा वाटा मोठा. म्हणून खाणीपेक्षा शहर जवळ असेल तेथे शहर हीच खाण ठरते.

ही कल्पना विद्यापीठांनीही पारखली आहे. विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या विस्तार विभागाने भरडलेल्या प्लास्टरबोर्डच्या पीक उत्पादनातील वापराविषयी पुस्तिका काढली. ओहायो राज्य विद्यापीठाने जिप्समच्या शेतीतील वापराची सर्वसाधारण मार्गदर्शिका २०११ मध्ये प्रसिद्ध केली. अमेरिकेच्या कृषी खात्याने जिप्समने जमीन सुधारण्याच्या पद्धतीचे स्वतंत्र मानक ठरवले असून त्यात अशुद्धींच्या कमाल मर्यादा दिल्या आहेत.

परंतु याच पेनसिल्व्हेनियाने एक कटू धडाही दिला. तेथे जिप्समची पूड गाईंच्या बिछान्यासाठी वापरली जाऊ लागली. ती ओल शोषते, गोठा कोरडा ठेवते आणि शेणाबरोबर शेतात जाऊन गंधक व कॅल्शियम पुरवते. एका दगडात अनेक पक्षी मिळाल्यासारखे वाटले. मात्र तो बिछाना शेणाबरोबर शेणकाल्याच्या टाकीत जात होता. तेथे हवा नाही, पाणी भरपूर, सेंद्रिय पदार्थ मुबलक आणि आता सल्फेटही. कचरा डेपोतील प्रक्रिया गोठ्याच्या मागे घडू लागली. पेनसिल्व्हेनिया स्टेट विद्यापीठाच्या संशोधकांनी मोजमापे केली तेव्हा असे दिसले, की जिप्समचा बिछाना वापरणाऱ्या गोठ्यांच्या टाक्या ढवळताना हायड्रोजन सल्फाइड जीवघेण्या पातळीला पोहोचू शकतो. स्थिर टाकी शांत असते. ढवळणे सुरू होताच साठलेला वायू एकदम उसळतो.

हा धडा आपल्याला थेट लागू पडतो. आपल्याकडे गोबरगॅसच्या टाक्या, मळीचे हौद आणि शेणकाल्याचे खड्डे गावोगावी आहेत, आणि ते साफ करायला उतरलेली माणसे गुदमरून दगावल्याच्या बातम्या दरवर्षी वाचायला मिळतात. अशा टाकीत जिप्सम जाणे म्हणजे त्या धोक्यात भर घालणे. शिवाय बायोगॅसमधील हायड्रोजन सल्फाइड इंजिन आणि पाइप गंजवतो तो वेगळाच. म्हणून नियम एकच: जिप्सम शेतात उघड्यावर, हवेशीर मातीत, शेणकाल्यात कधीही नाही.

आपल्याकडे जिप्सम कोठून येते, कोठे जाते

भारतातील खनिज जिप्सम जवळजवळ सगळेच राजस्थानातून येते. बिकानेर, नागौर, जैसलमेर, श्रीगंगानगर हे त्याचे प्रमुख जिल्हे. याखेरीज खत कारखान्यांतील फॉस्फोजिप्सम वापरात आहे. देशात सुमारे ६७ लाख हेक्टर जमीन क्षारांनी बाधित असून त्यांपैकी सुमारे ३८ लाख हेक्टर चोपण स्वरूपाची आहे. कर्नाल येथे १९६९ मध्ये स्थापन झालेल्या केंद्रीय मृदा लवणता संशोधन संस्थेने जिप्समच्या आधारे चोपण जमीन सुधारण्याचे जे तंत्र दिले, त्याने पंजाब, हरियाणा आणि उत्तर प्रदेशातील ओसाड जमिनींवर भात आणि गहू उभा केला. गरज मोठी आहे आणि ती संपलेली नाही.

दुसऱ्या बाजूला शहरांतील जिप्सम कोठे जाते? बांधकाम व पाडकाम कचऱ्याविषयीच्या २०१६ च्या नियमांनी मोठ्या प्रकल्पांना राडारोडा वेगवेगळा करण्यास सांगितले. परंतु त्यांत काँक्रीट, माती, पोलाद, लाकूड व प्लास्टिक, विटा व गिलावा अशी विभागणी आहे. जिप्समला स्वतःचा कप्पा नाही. परिणामी ते इतर राडारोड्यात मिसळते आणि तेथेही नकोसे ठरते, कारण पुनर्प्राप्त खडीत सल्फेट राहिले तर नवे काँक्रीट फुगते आणि तडकते. काँक्रीटवाल्याला जे विष, तेच शेतकऱ्याला पोषण. मात्र वेळीच वेगळे केले तर. केंद्राचे २०२५ चे नवे नियम १ एप्रिल २०२६ पासून अमलात आणायचे ठरले आहेत. २० हजार चौरस मीटर वा त्याहून अधिक बांधकामाच्या प्रकल्पांवर त्यांनी कचऱ्याच्या पुनर्वापराची विस्तारित जबाबदारी टाकली आहे. साहजिकच कंत्राटदार आपल्या कचऱ्याला वाट शोधू लागतील. ती वाट कारखान्याच्या दारातून जाईल की परस्पर शेताच्या बांधावर संपेल, हे आपण काय विचारतो यावर बरेच अवलंबून राहील.

टाकाऊ जिप्समकडे खत म्हणून पाहण्याची दृष्टी आपल्याला नवी नाही. झारखंडमधील सिंद्रीच्या खत कारखान्यात १९५१ पासून जिप्समपासून अमोनियम सल्फेट बनत असे. त्याच रासायनिक सूत्राचा उपयोग पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने २०१६ मध्ये गणेशमूर्तींसाठी केला. अमोनियम बायकार्बोनेटच्या द्रावणात पीओपीची मूर्ती विसर्जित केली, की ती विरघळून अमोनियम सल्फेटचे द्रावण आणि खाली चुन्याचा साका मिळतो. पुणे महापालिकेच्या साहाय्याने हा प्रयोग घरोघरी पोहोचला. मूर्तीचे जे झाले, ते छताच्या फळीचे होऊ शकत नाही असे नाही.

कागद, वाळवी आणि बोरॉन

आता माझ्या शाखेविषयी थोडेसे. प्लास्टरबोर्डमध्ये कागद वजनाने अल्प, पण कीटकांच्या दृष्टीने तोच मुख्य. कागद म्हणजे सेल्युलोज आणि सेल्युलोज म्हणजे वाळवीचे अन्न. जिप्सम तिला खाता येत नाही. पण कागदासकट फळ्या बांधावर रचून ठेवल्या, तर आपण पिकाशेजारी तिच्यासाठी अन्नछत्र उघडतो. भुईमुगात ही बाब गंभीर आहे. वाळवी शेंगांचे टरफल खरवडते, त्या जखमांतून ॲस्परजिलस बुरशी शिरते आणि शेंगदाण्यात अफ्लाटॉक्सिन हे विष तयार होते. नुकसान वजनाचे कमी आणि प्रतीचे अधिक होते. कागद पूर्णपणे काढलेली, चाळलेली पूड मातीत मिसळली, तर हा प्रश्न उरत नाही. वेगळा केलेला कागद कोरा असेल तर कंपोस्टात चालतो. मात्र त्याला चिकटलेले जिप्सम लक्षात घेऊन तो ढीग हवेशीर ठेवावा, पाण्यात बुडू देऊ नये.

ओलसर प्लास्टरवर उगवणाऱ्या बुरशीवर जगणाऱ्या भुंगेऱ्यांच्या एका कुळाला इंग्रजीत 'प्लास्टर भुंगेरे' असेच नाव पडले आहे. ते आणि पुस्तककिडे पिकाला अपाय करत नाहीत. परंतु ते दिसले, की माल ओला राहिला आहे आणि त्यावर बुरशी आहे, हे निश्चित समजावे. अशी पूड उडवताना ती श्वासात जाते. कीटक येथे शत्रू नव्हे, खबऱ्या आहे.

दुसरा मुद्दा बोरिक आम्लाचा. झुरळांच्या आमिषात आणि लाकडाच्या वाळवी-प्रतिबंधक प्रक्रियेत वापरला जाणारा हा पदार्थ प्लास्टरबोर्डच्या निर्मितीतही अल्प प्रमाणात वापरला जातो. बोरॉन पिकाला लागते, पण त्याची कमतरता आणि विषबाधा यांतील अंतर अतिशय थोडे असते. द्राक्ष, लिंबूवर्गीय फळे आणि घेवडा ही पिके या बाबतीत विशेष हळवी. एखाद्या वर्षी हेक्टरी काही क्विंटल पूड टाकल्याने फारसे बिघडणार नाही. पण चोपण जमिनीसाठी टनावारी टाकायची असेल, तर बोरॉनची तपासणी अनिवार्य समजावी. ओल-रोधक फळ्यांत सिलिकोन वा मेण, आग-रोधक फळ्यांत काचतंतू, तर बुरशी-रोधक फळ्यांत बुरशीनाशक असू शकते. बाजारात अशा फळ्या बहुधा हिरवट किंवा गुलाबी कागदाच्या असतात. शेतीसाठी त्या बाजूला काढाव्यात.

कोणत्या शेतात, किती

जिप्समचा सर्वांत नेमका उपयोग भुईमुगाला होतो. भुईमुगाची शेंग आपले बरेचसे कॅल्शियम मुळांवाटे न घेता भोवतालच्या मातीतून थेट शोषते. म्हणूनच आऱ्या जमिनीत शिरण्याच्या सुमारास वरच्या थरात विरघळणारे कॅल्शियम नसेल, तर शेंगा पोचट राहतात. हेक्टरी ४०० किलो जिप्सम, त्यातील निम्मे पेरणीवेळी आणि निम्मे आऱ्या सुटताना, ही महाराष्ट्रातील शेतकऱ्यांना परिचित शिफारस. ७० टक्के शुद्धतेचे ४०० किलो जिप्सम सुमारे ६५ किलो कॅल्शियम आणि ५२ किलो गंधक देते. फळीच्या हिशेबात हे साधारण ५० चौरस मीटर प्लास्टरबोर्ड झाले. एका मध्यम कार्यालयाच्या छताइतके. सोयाबीन, मोहरी, कांदा या गंधकप्रिय पिकांनाही ते उपयुक्त आहे.

चोपण जमिनीत, म्हणजे सामू ८.५ च्या वर आणि चिकणमातीवर सोडियमचे प्रमाण १५ टक्क्यांहून अधिक असेल तेथे, कॅल्शियम सोडियमची जागा घेते. परंतु सुटलेला सोडियम निचऱ्यावाटे बाहेर गेला नाही, तर सारा खर्च पाण्यात जातो. उत्तरेकडील गाळाच्या जमिनींत हेक्टरी १० ते १५ टन जिप्सम लागले. आपल्याकडे विदर्भातील पूर्णा खोऱ्याच्या खारपाणपट्ट्यात किंवा ऊसपट्ट्यातील काळ्या जमिनीत मात्रा माती परीक्षणावरूनच ठरवावी. जमीन केवळ क्षारपड असेल आणि चोपण नसेल, तर जिप्सम नव्हे, निचरा हाच उपाय.

जिप्सम म्हणजे चुना नव्हे, हेही पुन्हा सांगायला हवे. ते आम्लधर्मी जमिनीचा सामू वाढवत नाही. तसेच पीओपीची उरलेली कोरडी पोती शेतात उधळू नयेत. ती पावसात घट्ट होऊन ढेकळे बनतात. फळीतील जिप्सम आधीच पाणी घेऊन स्थिर झालेले असते, त्यामुळे त्याला ही अडचण नाही.

ट्रक बांधावर येण्याआधी

विस्तार कार्यकर्त्यांनी शेतकऱ्याबरोबर पुढील गोष्टी पडताळाव्यात:

१. माल कोठला? नव्या बांधकामातील कोरे तुकडे विचारात घ्यावेत. पाडकामातील रंगवलेला माल परस्पर शेतात नको. आपल्याकडे घरगुती रंगांतील शिशाची ९० पीपीएमची मर्यादा नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाली. त्याआधीच्या रंगांची हमी देता येत नाही.

२. सिमेंटच्या पत्र्याचा एकही तुकडा दिसला, तर सारा ढीग नाकारावा. त्यात ॲस्बेस्टॉस असू शकते. तुकडे फोडू नयेत, भरडू नयेत.

३. मूठभर पूड २ मिलिमीटरच्या चाळणीतून चाळावी आणि चुंबक फिरवावा. वर उरलेला कागद, काचतंतू, धातू डोळ्यांनी दिसतात.

४. पुडीवर व्हिनेगर टाकावे. जोराने फसफसले तर त्यात चुना किंवा सिमेंटच्या गिलाव्याची भेसळ आहे; शुद्ध जिप्सम फसफसत नाही.

५. शेतीच्या जिप्समसाठी भारतीय मानक आयएस ६०४६ आहे. त्यानुसार शुद्धता व सोडियम, आणि त्याखेरीज बोरॉन, शिसे व कॅडमियम यांचा प्रयोगशाळेचा अहवाल मागावा. पुरवठादार अहवाल देत नसेल, तर माल फुकट असला तरी महाग आहे.

६. साठवण उंचवट्यावर, ताडपत्रीखाली, पिकापासून आणि जनावरांच्या गोठ्यापासून दूर असावी. उडवताना नाकातोंडावर मुखपट्टी असावी.

७. शेणकाल्याची टाकी, गोबरगॅस, मळीचा हौद आणि विहीर यांजवळ जिप्सम नेऊ नये.

त्या ढिगाचे काय झाले

साताऱ्यातील शेतकऱ्याला मी 'नको' म्हटले, तेव्हा त्याचा चेहरा उतरला. दोन ट्रक फुकटचे सोडून देणे कोणाच्या जिवावर येत नाही? तरी त्याने कंत्राटदाराला फोन करून ढीग परत न्यायला लावला. दोन दिवस वादावादी झाली, पण ट्रक आले. जाताना कंत्राटदाराच्या माणसाने सांगितले, की दुसऱ्या एका कामावर नव्या फळ्यांचे कापलेले तुकडे रोज पोतेभर निघतात आणि ते कोणालाच नको असतात. त्या तुकड्यांची चार पोती शेतकऱ्याने आणली. घरच्यांनी कागद सोलला, मोगरीने गाभा कुटला, चाळला आणि नमुना तपासून घेतल्यावर आऱ्या सुटताना भुईमुगाच्या चार ओळींना दिला. शेजारच्या चार ओळी तशाच ठेवल्या.

पोळ्यानंतर मी गेले, तेव्हा त्याने दोन्हींकडची झाडे उपटून ओट्यावर मांडली होती. जिप्सम दिलेल्या ओळींत पोचट शेंगा कमी दिसत होत्या. चार ओळींवरून शास्त्र उभे राहत नाही, हे मी त्याला सांगितले. त्यानेही ते मान्य केले. पण त्याचा पुढचा प्रश्न मला अधिक मोलाचा वाटला. "मॅडम, कुटायला सहा माणसं दोन दिवस राबली. हे काम करणारा एखादा कारखाना आपल्याकडं का नाही?"

या प्रश्नाचे उत्तर एकट्या शेतकऱ्याने द्यायचे नाही. शहरांनी जिप्समला वेगळा कप्पा द्यावा, उद्योजकांनी चक्की आणि चाळणी उभारावी, प्रयोगशाळांनी कसोट्या लावाव्यात आणि कृषी खात्याने त्या मालाला नाव व दर्जा द्यावा. शेतकरी उत्पादक कंपन्यांना यात संधी आहे. मोठ्या शहरालगतच्या कंपनीने नव्या बांधकामांचे कोरे तुकडे गोळा करण्यापासून आरंभ केला, तरी पुरेसे आहे. तोपर्यंत बांधावर फुकट उतरणाऱ्या प्रत्येक ट्रकला एकच प्रश्न विचारावा: हे जिप्सम कोठल्या भिंतीतून आले आणि वाटेत कोणी ते निवडले?